१/२ आणि १/३ मिळून २/५ का होत नाहीत?

भिन्नच्छेद, म्हणजे वेगवेगळे छेद असलेल्या, अपूर्णांकांची बेरीज आणि तिच्यावरची शाब्दिक उदाहरणं यांबद्दल आलेले प्रश्न या अंकात एकत्र घेतले आहेत.

प्रश्न : मुलगी पाचवीत आहे. १/२ + १/३ = २/५ असं लिहिते. ‘वर-वर, खाली-खाली बेरीज करायची नाही’ हे शंभरदा सांगून झालं. दोन दिवस बरोबर करते, पुढच्या आठवड्यात पुन्हा तेच. काय करावं? (एक आई, सांगली)

‘करायची नाही’ एवढ्यानं ही चूक जात नाही, कारण तिच्या दृष्टीनं ती चूकच नाही. आधी तिला तिच्याच उत्तराकडे बघायला लावा. २/५ म्हणजे पाचातले दोन, म्हणजे निम्म्याहून कमी. ताटात अर्धी भाकरी होती, तिच्यात आणखी एक तुकडा घातला आणि ताटात अर्ध्याहून कमी भाकरी झाली, असं होईल का? ‘नाही’ हे तिनं स्वतः म्हटलं पाहिजे. नियम तुम्ही सांगण्याआधी तिचा तिच्या उत्तरावरचा विश्वास उडाला, तर पुढचं काम सोपं होतं.

ही सवय येते कुठून, तेही बघा. चाचणीच्या पेपरवर ७/१० आणि १५/२० असे गुण लिहिलेले असतात आणि दोन्ही पेपरांचे मिळून २२/३० होतात. तिथे वर-वर, खाली-खाली बेरीज अगदी बरोबर आहे! पण तिथली रेघ म्हणजे ‘पैकी’. दुसरा पेपर आला की एकूण गुणही वाढतात, म्हणून खालचे आकडेही मिळवायचे. भाकरीच्या उदाहरणात भाकरी एकच आहे, दुसरा तुकडा आला म्हणून मूळ भाकरी मोठी होत नाही. मुलांना हा फरक कुणी सांगत नाही आणि रेघ तर दोन्हीकडे सारखीच दिसते. तिला हा फरक शब्दांत सांगा. पाचवीतल्या मुलीला तो नक्की कळतो.

आता एक छोटा पण फार उपयोगी बदल. ‘दोन छेद सात’ असं वाचणं काही दिवस थांबवा आणि ‘दोन सप्तमांश’ असं वाचा. दोन सप्तमांश अधिक तीन सप्तमांश किती, असं विचारलं की मूल ‘पाच सप्तमांश’ म्हणतं. ‘पाच चतुर्दशांश’ कुणीच म्हणत नाही. दोन आंबे आणि तीन आंबे मिळून पाच आंबे, तसंच हे. अंश सांगतो किती तुकडे, छेद सांगतो तुकडा कोणत्या मापाचा. ‘छेद’ म्हणजे कापणं, आणि वस्तू कितींत कापली तेच तो आकडा सांगतो. मग ‘एक द्वितीयांश अधिक एक तृतीयांश’ म्हटलं की अडचण आपोआप कानाला जाणवते : एक आंबा अधिक एक पेरू, याचं उत्तर कोणत्या नावानं द्यायचं? दोघांसाठी एक सामाईक नाव शोधणं म्हणजेच समच्छेद करणं.

हे डोळ्यांना दाखवायला चौकटीची वही घ्या. आडवी ३ घरं आणि उभी २ घरं असा आयत काढा. एकूण घरं ६. अर्धा आयत रंगवायला एक पूर्ण आडवी ओळ रंगवावी लागते, म्हणजे ३ घरं. तेवढाच दुसरा आयत काढून त्याचा तिसरा भाग रंगवायला एक उभी ओळ लागते, म्हणजे २ घरं. मिळून ५ घरं, आणि आयत ६ घरांचा, म्हणून ५/६. इथे १/२ चं ३/६ आणि १/३ चं २/६ झालेलं ती स्वतः मोजते. दोन्ही आयत तंतोतंत सारख्या मापाचेच हवेत. शक्यतो वर्तुळ काढू नका. वर्तुळाचे हातानं तीन सारखे भाग करणं मोठ्यांनाही जमत नाही आणि वेडेवाकडे तुकडे बघून मूल चुकीचंच शिकतं.

केळ्यांचा डझनही चांगला. पाव डझन म्हणजे ३ केळी, एक तृतीयांश डझन म्हणजे ४ केळी. मिळून ७ केळी, म्हणजे ७/१२ डझन. वर-वर, खाली-खाली केलं असतं तर २/७ डझन आलं असतं, म्हणजे साडेतीन केळीसुद्धा नाहीत.

प्रश्न : तिरकस गुणाकार आधी शिकवावा की लसावि (लघुतम साधारण विभाज्य)? वर्गातल्या काही मुलांचा लसावि कच्चा आहे, म्हणून तिरकस गुणाकारावर भागवते. पण छेद मोठे आले की मुलं हरवतात. (जिल्हा परिषद शाळेतील शिक्षिका, नंदुरबार)

या दोन्हींच्या मधला एक रस्ता आहे आणि तो आपल्याकडे साडेआठशेहून जास्त वर्षं आहे. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ.स. ११५०) या क्रियेला ‘समच्छेदविधान’ म्हटलं आहे. आपला शब्द तिथूनच चालत आलेला आहे. त्या श्लोकाच्या पहिल्या अर्ध्यात तिरकस रीत आहे : एकाच्या छेदानं दुसऱ्याच्या अंशाला आणि छेदाला गुणा. दुसऱ्या अर्ध्यात सांगितलं आहे की, छेदांना आधी सामाईक अवयवानं भाग द्या आणि जे उरेल त्यानं एकमेकांना गुणा.

५/१२ + ७/१८ घ्या. १२ आणि १८ या दोघांना ६ नं भाग जातो. उरले २ आणि ३. आता अदलाबदल करा : १२ छेद असलेल्याला ३ नं गुणा, १८ छेद असलेल्याला २ नं. १५/३६ आणि १४/३६, बेरीज २९/३६. लसावि वेगळा काढावा लागला नाही, तो आपसूक आला. निव्वळ तिरकस गुणाकारानं हेच केलं तर छेद २१६ होतो, ९०/२१६ + ८४/२१६ = १७४/२१६, आणि मग ६ नं संक्षेप करून २९/३६. उत्तर तेच, पण वाटेत चुकायला चार जागा जास्त. सामाईक अवयव एकदम ६ सुचला नाही तरी बिघडत नाही. आधी २ नं भागा, ६ आणि ९ उरतात. मग ३ नं भागा, २ आणि ३ उरतात. ज्या मुलाला संक्षेप येतो, त्याला ही रीत येतेच.

‘लीलावती’त याच ठिकाणी १/६३ आणि १/१४ यांच्या वजाबाकीचं उदाहरण दिलं आहे. फळ्यावर घ्यायला फार छान आहे. तिरकस केलं तर छेद ८८२ होतो. ७ नं भागून घेतलं तर उरतात ९ आणि २, छेद १२६. ९/१२६ − २/१२६ = ७/१२६ = १/१८. दोन्ही रीती शेजारी शेजारी लिहा आणि मुलांनाच निवडू द्या.

छेदांना सामाईक अवयव नसेल, जसं २/३ + ४/५, तर तिरकस रीतच सरळ : १०/१५ + १२/१५ = २२/१५. एक छेद दुसऱ्याच्या पटीत असेल, जसं ३/४ + ५/८, तर फक्त लहान छेद बदलायचा. इथेही ३२ छेद करणारी मुलं असतात. त्यांना थांबवून विचारा, ‘चार चे आठ करता येतात का?’

तीन अपूर्णांक आले की सर्वांत मोठ्या छेदाचा पाढा म्हणायचा. १/४ + १/६ + ५/९ साठी नऊचा पाढा : ९ ला ४ नं भाग जात नाही, १८ ला नाही, २७ ला नाही, ३६ ला ४ नंही जातो आणि ६ नंही. छेद ३६. ९/३६ + ६/३६ + २०/३६ = ३५/३६.

वह्या तपासताना दोन चुका वेगळ्या ओळखा. एक म्हणजे फक्त छेद बदलणं : १/४ + १/६ चं १/१२ + १/१२. यावर उपाय म्हणजे अंश आणि छेद दोन्हींच्या शेजारी गुणकाचा आकडा लिहायला लावणं, वर ×३ आणि खाली ×३. महिनाभर ही पायरी गाळू देऊ नका. दुसरी म्हणजे समच्छेद बरोबर करून शेवटी पुन्हा छेदांची बेरीज : १५/३६ + १४/३६ = २९/७२. या मुलाला रीत येते, पण छेद हे तुकड्याचं नाव आहे हे पोचलेलं नाही. त्याला आणखी वीस गणितं देऊन काही होणार नाही. त्याला ‘पंधरा छत्तिसांश अधिक चौदा छत्तिसांश’ असं मोठ्यानं वाचायला लावा.

प्रश्न : सरावाच्या वहीतलं उदाहरण : ‘एका शेतकऱ्याने शेताच्या २/५ भागात ज्वारी आणि उरलेल्या शेताच्या १/३ भागात हरभरा पेरला. एकूण किती भागात पेरणी झाली?’ मुलानं ११/१५ लिहिलं आणि ते चूक ठरलं. बेरीज तर बरोबर आहे. (एक पालक, बार्शी)

बेरीज बरोबर आहे, पण ज्यांची बेरीज केली ते भाग एकाच वस्तूचे नाहीत. ज्वारी ‘शेताच्या’ २/५ भागात आहे, हरभरा ‘उरलेल्या शेताच्या’ १/३ भागात. शाब्दिक उदाहरणांतल्या बहुतेक चुका इथेच होतात, आकडेमोडीत नाही. म्हणून पेन्सिल हातात घेतल्यावर पहिलं काम : प्रत्येक अपूर्णांकाला ‘कशाचा?’ असं विचारायचं आणि तो शब्द अधोरेखित करायचा. मराठीत हे सोपं आहे, कारण चा-ची-चे हे षष्ठीचे प्रत्यय त्याचं उत्तर बहुधा वाक्यातच देऊन ठेवतात. दोन्ही अधोरेखित शब्द एकच असतील तरच सरळ बेरीज.

शेत एक एकराचं धरा, म्हणजे ४० गुंठे. ज्वारी ४० च्या २/५ भागात, १६ गुंठे. उरले २४. त्यांचा तिसरा भाग ८ गुंठे, हा हरभरा. पेरणी झाली २४ गुंठ्यांवर, म्हणजे २४/४० = ३/५. आता हेच अपूर्णांकांत : उरलेलं शेत ३/५, त्याचा १/३ म्हणजे १/५. आता दोन्ही भाग पूर्ण शेताचे झाले. २/५ + १/५ = ३/५. गंमत अशी की शेवटी समच्छेद करण्याची वेळच आली नाही.

याच जातीचं दुसरं : ‘एका तुकडीतली १/२ मुलं आणि दुसरीतली १/३ मुलं सहलीला गेली. एकूण किती भाग गेला?’ ५/६ लिहिलं तर चूक. पट कळल्याशिवाय याचं उत्तरच देता येत नाही. पहिल्या तुकडीत ४० आणि दुसरीत ३० असतील, तर २० आणि १० मुलं गेली, ७० पैकी ३०, म्हणजे ३/७.

आणि एका शब्दावरून क्रिया ठरवायची सवय मोडा. ‘एकूण’ दिसलं की बेरीज, ‘उरले’ दिसलं की वजाबाकी, असं शिकलेली मुलं पुढच्या उदाहरणात फसतात : ‘आईने चटणीसाठी १/४ किलो शेंगदाणे वापरले, डब्यात २/३ किलो उरले. आधी किती होते?’ इथे ‘उरले’ आहे, पण करायची आहे बेरीज : ३/१२ + ८/१२ = ११/१२ किलो. आकडे लिहिण्याआधी मुलाला विचारा, ‘उत्तर २/३ पेक्षा मोठं येणार की लहान?’ वापरायच्या आधी डब्यात जास्तच असणार, हे कळलं की चिन्ह आपोआप ठरतं. आणि उत्तरापुढे ‘किलो’ लिहायचं विसरू देऊ नका.

प्रश्न : ५ पूर्णांक १/६ मधून २ पूर्णांक ३/४ वजा केले. माझं उत्तर ३ पूर्णांक ७/१२ आलं, मैत्रिणीचं २ पूर्णांक ३/१२. पुस्तकातलं उत्तर दोन्हींपेक्षा वेगळं आहे. (सहावीतील विद्यार्थिनी, रत्नागिरी)

समच्छेद तुम्ही दोघींनीही बरोबर केलं आहे : ५ पूर्णांक २/१२ वजा २ पूर्णांक ९/१२. पुढे २ मधून ९ जात नाहीत म्हणून तू उलट ९ मधून २ वजा केलेस. तसं चालत नाही, कारण ९ द्वादशांश काढून टाकायचे आहेत. मैत्रिणीनं शेजारच्या ५ मधून एक घेतला, ते बरोबर केलं, पण त्याचे दहा धरले आणि २ चे १२ केले. दहा धरायचे ते एकक-दशकात. इथे एका पूर्णाचे तुकडे बारा आहेत. म्हणून १ = १२/१२ आणि २/१२ चे झाले १४/१२. आता ४ पूर्णांक १४/१२ वजा २ पूर्णांक ९/१२ = २ पूर्णांक ५/१२. ताळा कर : २ पूर्णांक ५/१२ अधिक २ पूर्णांक ९/१२ = ४ पूर्णांक १४/१२ = ५ पूर्णांक २/१२. जुळलं.

बेरजेतही हेच उलट बाजूनं लक्षात ठेव. १ पूर्णांक ३/४ अधिक २ पूर्णांक २/३ करताना ३ पूर्णांक १७/१२ येतात. तिथे थांबायचं नाही. १७ मधून १२ चा एक पूर्ण काढायचा : ४ पूर्णांक ५/१२.

प्रश्न : एक नळ ४ तासांत टाकी भरतो, दुसरा ६ तासांत. दोन्ही एकदम सोडले तर किती वेळ? यात अपूर्णांकांची बेरीज कुठून आली? (एक पालक, नाशिक)

तासांची बेरीज करून १० म्हणणं किंवा सरासरी काढून ५ म्हणणं, दोन्ही एका नजरेत बाद होतात : पहिला नळ एकटाच ४ तासांत भरतो, तर दोघांना त्याहून कमीच लागणार. एकत्र होतं ते नळांचं काम, त्यांचा वेळ नव्हे. एका तासात पहिला १/४ टाकी भरतो, दुसरा १/६. टाकी एकच आहे, म्हणून बेरीज चालते : ३/१२ + २/१२ = ५/१२. तासाला ५/१२ टाकी, तर पूर्ण टाकीला १२/५ तास, म्हणजे २ पूर्णांक २/५ तास. २/५ तास म्हणजे २४ मिनिटं. हेच २.४ असं लिहून ‘२ तास ४० मिनिटं’ वाचणारी मुलं पुष्कळ असतात, तेवढं बघा.

प्रश्न : आमच्या वेळी पावकी, निमकी, पाउणकी, सवायकी, दिडकी, औटकी (पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड आणि साडेतीन यांचे पाढे) पाठ असायची. नातवाला शिकवू का? अपूर्णांकांना उपयोग होईल? (एक आजोबा, सातारा)

पावकी, निमकी, पाउणकी जरूर शिकवा. पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड, अडीच हे शब्द तोंडात असलेल्या मुलाला अपूर्णांक परका वाटत नाही. अर्धा आणि पाव मिळून पाऊण हे त्याला माहीतच असतं. १/२ + १/४ = ३/४ ही भिन्नच्छेद बेरीजच तर आहे!

तुमच्या पिढीला आणखी एक आधार होता, आणे-पैचा. रुपयाचे १६ आणे, आण्याच्या १२ पै, म्हणजे रुपयाच्या १९२ पै. अर्धा, पाव, अष्टमांश, षोडशांश हे सगळे पूर्ण आण्यांत येत. तृतीयांश आण्यांत बसत नाही, पण पैत बसतो : ६४ पै, म्हणजे ५ आणे ४ पै. षष्ठांश ३२ पै, म्हणजे २ आणे ८ पै. दोन्ही मिळून ९६ पै, म्हणजे ८ आणे, अर्धा रुपया. १/३ + १/६ = १/२ हे लसाविचं नाव न घेता, गल्ल्यावरच कळत होतं. १ एप्रिल १९५७ पासून रुपयाचे १०० पैसे झाले. त्यात पंचमांश चोख बसतो, पण तृतीयांश आणि अष्टमांश बसत नाहीत. म्हणून नातवाला ही मजा रुपयात दाखवता येणार नाही.

त्याऐवजी घड्याळ घ्या. ६० ला २, ३, ४, ५, ६, १०, १२, १५, २०, ३० या सगळ्यांनी भाग जातो. पाव तास आणि पंचमांश तास मिळून किती? १५ आणि १२, २७ मिनिटं, म्हणजे २७/६० = ९/२० तास. असे पाच-सहा प्रश्न रोज तोंडी विचारा. कागद घेऊच नका.

प्रश्न : भुंग्यांचं जुनं गणित बाबांनी घातलं : पाचवा भाग कदंबावर, तिसरा भाग शिलींध्राच्या फुलांवर, या दोन भागांतल्या फरकाच्या तिप्पट कुटजावर गेले आणि एक भुंगा उरला. एकूण भुंगे किती? अंदाजानं आलं, पण रीत हवी. (सातवीतील विद्यार्थी, चाळीसगाव)

हेही ‘लीलावती’तलं. आधी ‘कशाचा?’ विचारू. पाचवा भाग थव्याचा, तिसरा भागही त्याच थव्याचा. फरकही थव्याच्याच भागांचा, म्हणून सगळे एकत्र मिळवता येतील. छेद ५ आणि ३, सामाईक अवयव नाही, म्हणून छेद १५. कदंबावर ३/१५, शिलींध्रावर ५/१५. फरक २/१५. त्याची तिप्पट ६/१५. इथे ६/४५ करू नकोस, तिप्पट तुकडे म्हणजे अंश तिप्पट, तुकड्याचं माप तेच राहतं.

३/१५ + ५/१५ + ६/१५ = १४/१५. थवा १५/१५, म्हणून उरला १/१५. हा पंधरावा भाग म्हणजे केतकी आणि मालती यांच्या गंधात घिरट्या घालणारा तो एक भुंगा. म्हणून एकूण १५. ताळा : कदंबावर ३, शिलींध्रावर ५, कुटजावर ६, आणि हा १.